रात्रीची तयारी, सकाळची पंगत
(शिदोरीपासून ब्रेडच्या ट्रेपर्यंत)

स्मरणिकेसाठी लेख द्या, असा संपादक मंडळाचा निरोप तिसऱ्यांदा आला तेव्हा विषय पक्का केला. गेल्या पंचवीस वर्षांत आपल्या सोसायटीने पाण्याची टाकी, लिफ्ट, पार्किंग, सोलर अशा कितीतरी गोष्टींवर सभा घेतल्या आणि वादही घातले. पण ज्या एका कारणासाठी आपण दरवर्षी न चुकता एकत्र आलो, त्यावर कुणी चार ओळी लिहिलेल्या नाहीत. ते कारण म्हणजे २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्ट या तीन दिवशी झेंडावंदनानंतर होणारा आपला नाश्ता.

अलीकडे या नाश्त्याला ब्रेड, दूध आणि अंडी घालून भाजलेला ट्रे येतो. कुणी त्याला फ्रेंच टोस्ट म्हणतात, कुणी ब्रेड पुडिंग, तर मुले नुसतेच ‘ट्रे’ म्हणतात. काही सभासदांना हे परदेशी खूळ वाटते. काहींना वाटते, नवीन पिढीचा आळस, सकाळी उठून करायला नको म्हणून रात्रीच उरकायचे. माझे म्हणणे थोडे वेगळे आहे. आदल्या रात्री तयार करून ठेवायचे आणि सकाळी सगळ्यांनी मिळून खायचे, ही आपल्या बारामती-इंदापूर भागाची जुनीच रीत आहे. मधल्या तीस-चाळीस वर्षांत ती मोडली होती, एवढेच. ती कशी मोडली आणि त्यात कुणाचे काय गेले, हे सांगण्यासाठी हा लेख.

शिदोरी, दशमी आणि वारी

आपला भाग मुळात ज्वारी-बाजरीचा. १८८५ साली नीरा डावा कालवा सुरू झाला आणि बारामती तालुक्याचे बागायत आणि जिरायत असे दोन भाग पडले. कालव्याखाली ऊस आला, पुढे साखर कारखाने आले. १९३० च्या दशकात इंदापूर तालुक्यात वालचंदनगर उभे राहिले. पण ऊसवाला असो की कोरडवाहू, सकाळचे खाणे एकच होते, भाकरी. आणि ही भाकरी बहुतेक वेळा रात्रीचीच असायची. पहाटे मोटेवर, पाळीवर किंवा ऊसतोडीला जाणाऱ्या माणसाला ताजे करून वाढायला चूल पेटायला हवी, आणि सरपण तर मोजून वापरायचे. म्हणून रात्रीच चार भाकऱ्या जास्त थापायच्या. सकाळी त्या दुधात नाहीतर ताकात कुस्करायच्या, वर मीठ किंवा गुळाचा खडा. आमच्या घरी याला काला म्हणत. शिळी भाकरी दूध पिऊन मऊ होते आणि तिची चवही बदलते, हे आमच्या आजीला कुणी पुस्तकातून शिकवले नव्हते.

लांबचा प्रवास असला की दशमी. पीठ पाण्याऐवजी दुधात भिजवायचे. अशी दशमी मऊ राहते आणि दोन-तीन दिवस टिकते, हा पिढ्यान्पिढ्यांचा अनुभव. शिदोरी या शब्दातच आधीची तयारी आली. वाटेत चूल मांडायची नाही, फडके सोडायचे आणि बरोबरच्यांना देऊन खायचे.

या सगळ्याचे मोठे रूप म्हणजे आषाढी वारी. तुकाराम महाराजांचे चिरंजीव नारायण महाराज यांनी १६८५ साली पालखी सोहळा सुरू केला असे मानतात. देहूहून निघालेली ही पालखी बारामतीत मुक्काम करते, काटेवाडीत मेंढ्यांचे रिंगण होते, पुढे सणसर, बेलवाडी, निमगाव केतकी, इंदापूर करत सराटीला पोचते. तिथे नीरेत पादुकांना स्नान घालतात आणि मग सोहळा सोलापूर जिल्ह्यात शिरतो. म्हणजे आपले दोन्ही तालुके या वाटेवरच आहेत. पालखी मुक्कामाला असली की पहाटे हजारो माणसांना काहीतरी द्यायचे असते. ज्यांच्या घरी हे होते त्यांना विचारा, ते काम रात्रीच होते. भाकऱ्या आदल्या दिवशी गोळा होतात, पिठले रात्री शिजते, लाडू चार दिवस आधी वळून ठेवतात. पहाटे फक्त वाढायचे. कारण पहाटे पालखी हलते तेव्हा वाढणाऱ्यालाही दर्शन हवे असते, दोन पावले चालायचे असते. चुलीपुढे बसून राहिले तर ते कसे जमणार?

आणि वारीचा शेवट कशाने होतो? गोपाळकाल्याने. ज्याने त्याने घरून आणलेले एकत्र कालवायचे आणि एकमेकांच्या तोंडात घालायचे. माझ्या मते ही आपल्याकडची सामुदायिक खाण्याची सर्वात जुनी कल्पना आहे. त्यात स्वयंपाकी वेगळा आणि खाणारा वेगळा असा भेद राहत नाही.

पाव आपल्याकडे कसा आला

आता ब्रेडकडे वळू. पाव हा शब्द पोर्तुगीजांचा. त्यांच्याबरोबर तो गोव्यात आणि वसईकडे आला. देशावर मात्र तो सहजासहजी आत आला नाही. तो परधर्मीयांचा, तो शिवला की माणूस बाटतो, अशी समजूत होती. नुसत्या चहा-बिस्किटांवरून काय रामायण झाले ते आपल्या पुण्याच्याच इतिहासात आहे. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये व्याख्यानानंतर पाहुण्यांपुढे चहा-बिस्किटे आली. पाहुण्यांत लोकमान्य टिळक होते, न्यायमूर्ती रानडे होते. गोपाळराव जोशी यांनी उपस्थितांची नावे वर्तमानपत्रात छापवून आणली. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले आणि मोठमोठ्या माणसांना प्रायश्चित्ताच्या भानगडीत पडावे लागले. आज आपण मारी बिस्कीट चहात बुडवतो तेव्हा हे कुणाच्या मनातही येत नाही.

माझ्या लहानपणी, म्हणजे १९५५-६० च्या सुमारास, पाव हे आजाऱ्याचे खाणे होते. ताप आला की पाव आणि दूध. धडधाकट मुलाने पाव मागितला तर, ‘का रे, ताप आलाय का?’ असे विचारत. सरकारने १९६५ साली मॉडर्न बेकरीज कंपनी काढली. मेणकागदात गुंडाळलेला, कापलेला ब्रेड त्यानंतर हळूहळू शहरातून आमच्याकडे दिसू लागला.

गव्हाची सवयही सुखासुखी लागलेली नाही, हे नव्या पिढीने लक्षात ठेवावे. साठीच्या शेवटी आणि सत्तरीच्या सुरुवातीला बारामतीच्या जिरायत गावांत पाझर तलावांची कामे झाली, तेव्हा मजुरीचा भाग म्हणून गहू आणि तेल मिळे. मग १९७२ चा दुष्काळ आला. मी नुकताच बी.कॉम. झालो होतो. रोजगाराच्या कामावर खडी फोडणाऱ्या बाया मी पाहिल्या आहेत. दुपारी त्यांना सुकडी वाटत. रेशनवर परदेशी लाल ज्वारी यायची, तिला लोक मिलो म्हणत. ज्यांच्या घरी गव्हाची पोळी फक्त सणाला होत होती, तिथे गहू शिरला तो असा, पोटाच्या अडचणीतून.

दूध आणि अंडी

ब्रेड आला तरी तो भिजवायला दूध लागते, आणि दूध काही तेव्हा मुबलक नव्हते. मणिभाई देसाई यांनी १९६७ साली उरुळीकांचनला बाएफ ही संस्था स्थापन केली. तिने संकरित गाईंचा प्रसार केला. आपल्या भागातही त्या गाई आल्या. १९७० मध्ये देशात दुधाचा महापूर योजना सुरू झाली. माझ्या नोकरीची पहिली वर्षे इंदापूर तालुक्यातल्या एका शाखेत गेली. त्या काळात आमच्याकडे कर्जाचे सर्वात जास्त अर्ज संकरित गाईसाठी यायचे. जनावराचे वय, वेत, दूध किती, हे लिहून लिहून मी कॉमर्सचा पदवीधर अर्धा पशुवैद्य झालो होतो. त्यातूनच सकाळ-संध्याकाळचे डेअरीचे संकलन आणि दहा दिवसांचा पगार ही पद्धत घरोघर पोचली.

अंड्यांचेही तसेच. पूर्वी दारातल्या चार गावठी कोंबड्या, अंडी मिळाली तर मिळाली. ऐंशीच्या दशकात पोल्ट्रीच्या शेड उभ्या राहू लागल्या. १९८२ मध्ये डॉ. बी. व्ही. राव यांच्या पुढाकाराने राष्ट्रीय अंडी समन्वय समिती स्थापन झाली. अंड्याचा भाव रोज जाहीर होऊ लागला आणि टीव्हीवर अंड्याची जाहिरातही आली. ब्रेड, दूध, अंडी या तीनही वस्तू साध्या घराला परवडू लागल्या त्या अशा, पंधरा-वीस वर्षांच्या अंतरात.

गरम गरमची किंमत

याच काळात आणखी एक गोष्ट आली, घरगुती गॅस. नंबर लागायला वर्षानुवर्षे वाट पाहावी लागे, पण सिलिंडर एकदा घरात आला की काडी ओढली आणि शेगडी तयार. चूल फुंकणे संपले, डोळ्यांतले पाणी थांबले. गॅसचे उपकार मोठेच आहेत. पण त्याबरोबर एक नवी अपेक्षाही आली. नाश्ता गरमच पाहिजे, आणि तोही आयत्या वेळी केलेला. शिळे हा शब्द शिवीसारखा झाला. कांदेपोहे, उप्पीट, साबुदाणा खिचडी, बटाटेवडे, यांतले काहीही रात्री करून ठेवता येत नाही. पोहे अर्ध्या तासात कोरडे पडतात, उप्पिटाचा गोळा होतो. इडलीचे पीठ रात्री भिजवता येते, पण २६ जानेवारीच्या थंडीत ते फुगेलच याची खात्री कुणी देत नाही.

आपली सोसायटी नोंदवली गेली २००० साली. पहिली बारा-तेरा वर्षे झेंडावंदनाला पोहेच होते. शंभर माणसांना सात-आठ किलो पोहे लागतात. कांदा चिरणे, मिरच्या, शेंगदाणे, खोबरे, कोथिंबीर, लिंबू. पहाटे पाचला पॅसेजमध्ये मोठी शेगडी लागायची आणि पोहे तीन घाण्यांत व्हायचे. साडेसातला झेंडा, सव्वाआठला नाश्ता. म्हणजे झेंडा वर जात असताना दुसरा घाणा कढईत असायचा.

या स्मरणिकेसाठी सभासदांकडून जुने फोटो गोळा झाले. ते तारखेप्रमाणे लावायचे काम माझ्याकडे आले. फोटो लावता लावता एक गोष्ट नजरेत भरली. पहिल्या बारा-तेरा वर्षांच्या झेंडावंदनाच्या फोटोंत पुरुष आहेत, मुले आहेत, वॉचमन आहे, एका वर्षी तर पोस्टमनसुद्धा आहे. बायका अगदी मोजक्या, बहुतेक कडेवर मूल घेतलेल्या. बाकीच्या कुठे होत्या? त्या पॅसेजमध्ये होत्या. राष्ट्रगीत त्यांनी तिथेच उभे राहून म्हटले, गॅस बारीक करून.

आपल्या एक वहिनी दोन वर्षांपूर्वी गेल्या. कित्येक वर्षे पोह्यांच्या फोडणीचा अंदाज त्यांचाच असायचा. मीठ किती, हेही आपण त्यांनाच विचारायचो. शोकसभेत लावायला सोसायटीच्या कार्यक्रमातला त्यांचा एखादा फोटो शोधला. इतक्या वर्षांत एकच सापडला, तोही कढईपाशी वाकलेला, पाठमोरा. शेवटी घरच्यांनी दिलेला पासपोर्टचा फोटो मोठा करून लावला. कुणी मुद्दाम त्यांना बाजूला ठेवले नव्हते. उलट सगळे त्यांचे कौतुकच करायचे. पण पंगतीत त्या कधी बसल्याच नाहीत, ही गोष्ट खरी.

हा ट्रे मुळात कुठला

अमेरिकेहून सुट्टीला आलेल्या आपल्याच एका सभासदाच्या मुलीने हा प्रकार दाखवला. तिकडे नाताळच्या सकाळी किंवा घरी पाहुणे मुक्कामाला असले की तो करतात. ब्रेड रात्री अंडी-दुधात भिजवून फ्रिजमध्ये ठेवायचा आणि सकाळी ओव्हनमध्ये भाजायचा. त्याला ते कॅसरोल म्हणतात. आपल्याकडे कॅसरोल म्हणजे पोळ्या गरम ठेवायचा डबा, त्यामुळे पहिल्या दिवशी बराच गोंधळ झाला.

पण हा पदार्थ अमेरिकेचाही नाही आणि फ्रान्सचाही नाही. अपिसियस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या रोमन काळच्या पाककृतींच्या संग्रहात पाव दुधात भिजवून, तेलात तळून, वर मध घालायची कृती आहे. फ्रान्समध्ये त्याला जे नाव आहे त्याचा अर्थ होतो ‘वाया गेलेला पाव’. स्पेनमध्ये ईस्टरच्या आधी आणि पोर्तुगालमध्ये नाताळात याच जातीचे पदार्थ होतात. आपल्या देशात शाही तुकडा आहे, हैदराबादचा डबल का मीठा आहे. सगळ्यांची युक्ती एकच. पाव शिळा झाला, कडक झाला, पण अन्न टाकायचे नाही, दूध पाजून त्याला पुन्हा उभे करायचे. आता सांगा, आजीच्या काल्यात आणि यात फरक किती?

अंडे न खाणाऱ्यांसाठीही इतिहासात उत्तर आहे. त्या रोमन कृतीत अंडे नाहीच. शिवाय इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड या औषधविक्रेत्याने १८३७ साली कस्टर्ड पावडर शोधली ती बायकोला अंडे सोसत नव्हते म्हणून. आपल्या पुण्यात वीकफील्ड कंपनी १९५६ साली सुरू झाली आणि कस्टर्ड पावडरचा डबा मराठी घरांत पोचला. आपल्या सोसायटीत माळकरी आहेत, जैन कुटुंबे आहेत. म्हणून सुरुवातीपासून दोन प्रकारचे ट्रे होतात आणि त्यांचे चमचे, टेबल वेगळे असते. त्यावरून आजवर एकदाही वाद झालेला नाही, हे नोंदवून ठेवतो.

आपली पद्धत

पुढच्या पिढीला उपयोग व्हावा म्हणून पद्धत लिहून ठेवतो. एका ट्रेला ४०० ग्रॅमचा एक ब्रेड. तो आदल्या दिवशी उघडून तुकडे करून थोडा सुकवावा. ताजा ब्रेड लगदा होतो, सुकलेला दूध पितो. सहा अंडी, पाऊण लिटर थंड दूध, १०० ग्रॅम साखर, चिमूटभर मीठ, वेलची आणि जायफळ. हे फेटून ब्रेडवर ओतायचे, हाताने दाबून झाकून फ्रिजमध्ये ठेवायचे. सकाळी १८० अंशांवर साधारण ४५ मिनिटे, पहिला अर्धा तास झाकून, नंतर उघडे. मधोमध सुरी खुपसली तर ओले मिश्रण लागता कामा नये. दहा माणसांना एक ट्रे पुरतो. अंडे नको असेल तर एक लिटर दुधात चार मोठे चमचे कस्टर्ड पावडर शिजवून पातळ कस्टर्ड करावे, पूर्ण गार करून ओतावे आणि अर्धा तास भाजावे.

दोन सूचना. काचेचा ट्रे फ्रिजमधून काढून एकदम तापलेल्या ओव्हनमध्ये घालू नये, तडकतो. आपण अॅल्युमिनियमचे ट्रे वापरतो ते त्यासाठीच. आणि रात्रभर वीज गेली, फ्रिज गार राहिला नाही, तर अंड्याचा ट्रे जिवावर दगड ठेवून टाकून द्यावा. ऐंशी रुपयांच्या ब्रेड-दुधासाठी दहा माणसांचे पोट बिघडवू नये.

विजेचा प्रश्न लहान नाही. २००५ ते २०१० च्या सुमारास भारनियमन इतके होते की विजेच्या ओव्हनचे नावही कुणी काढले नसते. म्हणून आपले पहिले ट्रे जवळच्या बेकरीच्या भट्टीत भाजले गेले. ही युक्तीही जुनीच. दिवाळीच्या आधी रवा, मैदा, तूप, साखर घेऊन बेकरीत जायचे आणि नानकटाई, बिस्किटे भाजून डबे भरून आणायचे, हे आपण सगळ्यांनी केलेले आहे. नंतर घरोघरी ओटीजी आले. आता शंभर माणसांचे दहा ट्रे दहा घरांत लागतात. पावणेसातला बटण दाबायचे, टायमर लावायचा आणि खाली यायचे. एका कढईपाशी एक माणूस अडकण्यापेक्षा दहा घरांनी एकेक ट्रे करावा, यालाच मी सहकार समजतो. सहकारी संस्था अधिनियम १९६० चा आहे, पण त्याचा अर्थ मला आपल्या पॅसेजमध्ये जास्त चांगला कळला.

पोह्यांना माझा विरोध नाही, घरी मी ते आठवड्यातून तीनदा खातो. कुणाला ट्रेऐवजी दशम्या, थालीपीठ, तिखटमिठाच्या पुऱ्या आणि दही हा बेत करायचा असेल तर तोही उत्तम, आणि बिनओव्हनचा. कसोटी एकच ठेवावी. पदार्थ रात्री व्हावा, आणि सकाळी तो करणारी बाई किंवा बाप्या, कोणीही असो, झेंड्यापाशी हजर असावा.

रौप्यमहोत्सवाच्या दिवशी सकाळी सत्यनारायणाआधी सगळ्यांचा एकत्र नाश्ता आहे. ट्रेची यादी नोटीस बोर्डवर लावली आहे, बारा नावे हवी आहेत, हा मजकूर छापायला जाईपर्यंत सात आली होती. त्यांत चार पुरुष आहेत ही आनंदाची गोष्ट. ओव्हन नसेल त्यांनी ब्रेड सुकवून द्यावा, दूध आणावे, ताटल्या मांडाव्यात. ग्रुप फोटो बरोबर आठ वाजता आहे, आणि फोटोग्राफरला सांगून ठेवले आहे की प्रत्येक घरातले सगळे जण खाली आल्याशिवाय बटण दाबायचे नाही.